पॅरिसमधला रुमेनियन वाजंत्री

1972 साली पॅरिसमध्ये इव्ह रोबेर यांचा एक विनोदी हेरपट लागला. त्याच्या लांबलचक नावाचं मराठी केलं तर 'एका पायात काळा बूट घातलेला उंच, सोनेरी केसांचा माणूस' असं काहीतरी होईल. फ्रेंच गुप्तहेर खात्याचा साहेब आणि त्याच्या खुर्चीवर डोळा ठेवून असलेला दुय्यम यांच्यात जुंपलेली असते. दुय्यमाला गोत्यात आणण्यासाठी विमानतळावरच्या गर्दीतला एक भलताच माणूस उचलला जातो आणि तो कुणी फार मोठा हेर असल्याची हूल उठवली जाते. निवड होण्याचं कारण एवढंच, की त्याच्या दोन पायांत दोन वेगळे बूट असतात. हा माणूस वाद्यवृंदात व्हायोलिन वाजवतो आणि आपल्यामागे काय लागलं आहे याचा त्याला पत्ताच नसतो. गोष्ट फ्रेंच, शहर पॅरिस, नट प्येर रिशार. पण पडद्यामागून जी चाल येते ती रुमेनियातल्या लग्नाच्या नाचाची आहे. वर 'नाय' नावाची, एकाशेजारी एक बसवलेल्या नळ्यांची बासरी आणि सोबतीला 'त्संबाल', म्हणजे काड्यांनी वाजवायचं, आपल्या संतूरच्या जातीचं वाद्य. नाय वाजवणारे गेओर्गे झाम्फिर आणि चाल बांधणारे व्लादिमिर कोस्मा, दोघंही रुमेनियाचे. गोष्टीला रुमेनियाशी काही देणंघेणं नाही. तरी हीच चाल पुढे फ्रेंच विनोदी चित्रपटाची ओळख होऊन बसली.

कोस्मा यांच्या कारकिर्दीकडे पाहायचं तर या विचित्र प्रकारापासूनच सुरुवात करावी लागते. चित्रपट आणि दूरचित्रवाणी मिळून तीनशेहून अधिक कामं त्यांच्या नावावर सांगितली जातात, आणि त्यातली बहुतेक सगळी फ्रान्समध्ये झाली. मग त्यांना रुमेनियन चित्रपटसंगीतकार म्हणायचं ते कशाच्या बळावर? जन्मगाव आणि अधूनमधून ऐकू येणारी नाय, एवढ्यावर हा दावा टिकणार नाही. माझं म्हणणं असं, की कोस्मा यांचं रुमेनियनपण त्यांच्या सुरांत शोधणं ही चूक आहे. ते त्यांच्या कामाच्या पद्धतीत आहे. ती पद्धत रुमेनियातल्या लग्नाघरच्या वाजंत्र्याची. ज्याची सुपारी त्याची चाल, पण वाजवणारा हात आपला.

कोस्मा यांचा जन्म 13 एप्रिल 1940चा, बुखारेस्टमधला. घर संगीताचं. वडील तेओदोर कोस्मा पियानोवादक आणि वाद्यवृंदाचे संचालक, काका एडगर संगीतकार, आणि आजी थेट नामवंत पियानोवादक फेरुच्चो बुसोनी यांच्याकडे पियानो शिकलेली. बुखारेस्टच्या संगीतशाळेत व्हायोलिन आणि संगीतरचना या दोन्हींत पहिली बक्षिसं मिळवून ते 1963 साली पॅरिसला आले. तिथे नादिया बुलांजे या नामांकित गुरूकडे शिकले, पुढे व्हायोलिनवादक म्हणून देशोदेशी कार्यक्रम करत फिरले. चित्रपटाचं दार उघडलं मिशेल लग्रां यांच्यामुळे. त्या वेळी फ्रेंच चित्रपटसंगीतातलं हे अतिशय गाजतं आणि कामात बुडालेलं नाव. कोस्मा त्यांच्याकडे वाद्यसंयोजनाचं काम करू लागले. 1968 साली रोबेर यांचा 'अलेक्सांद्र ल ब्यांउरो' हा आळशी शेतकऱ्यावरचा चित्रपट त्यांच्याकडे आला. तिथून 1990मधल्या मार्सेल पान्योल यांच्या बालपणाच्या आठवणींवरच्या दोन चित्रपटांपर्यंत आणि त्यापुढेही रोबेर आणि कोस्मा यांची जोडी टिकली.

आता या माणसाला वाजंत्री म्हणण्यावर पहिला आक्षेप लगेच येईल, आणि तो रास्त आहे. रुमेनियातले 'लाउतार' म्हणजे पिढीजात धंदेवाईक वादक. त्यातले बहुसंख्य रोमा समाजाचे. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत रुमेनियन संस्थानांत हा समाज चक्क गुलामगिरीत होता. सरदारांच्या आणि मठांच्या मालकीच्या माणसांत वाजवणारेही होते. त्यांनी कागदावरचे सूर वाचले नाहीत, बापाच्या मांडीवर हात बसवला. (रोमांचे पूर्वज हजारएक वर्षांपूर्वी भारताच्या वायव्य भागातून निघाले. आपल्याला ही गोष्ट सुखावते. पण त्या धाग्याने नायला भारतीय ठरवायची घाई नको. 'नाय' हा शब्द तुर्की-फारसी वाटेने तिकडे गेला, आणि आपल्या सनईतला 'नई' त्याच फारसी बोरूचा, इतकंच काय ते नातं.) बुसोनींच्या शिष्येचा नातू आणि बुलांजे यांचा विद्यार्थी या परंपरेतला नव्हे, हे उघड आहे. पण मी बोलतो आहे ते कुळाबद्दल नाही, रिवाजाबद्दल. रुमेनियन लाउतार एकाच आठवड्यात रुमेनियन शेतकऱ्याच्या लग्नात, यहुदी व्यापाऱ्याच्या घरी आणि शहरातल्या खाणावळीत वाजवायचा. मोल्दावियात तर लाउतार आणि यहुदी वादक यांच्या चाली एकमेकांत इतक्या मिसळल्या, की कोणती कुणाची हे सांगणं अवघड होऊन बसलं. समोर कोण बसलं आहे ते ओळखायचं, त्याची चाल त्याच्यापेक्षा बरी वाजवायची, आणि आपलं कसब त्या चालीच्या वळणांत दाखवायचं. बुखारेस्टमध्ये वाढलेल्या संगीतकाराच्या कानावर हे पडत होतंच. आणि हलकंफुलकं संगीत वाजवणारा वाद्यवृंद चालवणारे वडील घरात असतील तर 'फर्माईश' या शब्दाला नाक मुरडायची सवय लागत नाही. संगीतशाळेने कोस्मा यांना दिलं ते अंतर. लाउतार आपल्या चालीच्या आत असतो; कोस्मा ती चाल बाहेरून उचलून दुसऱ्याच प्रसंगावर ठेवू शकले.

त्या हेरपटात हेच घडलं. कोस्मा यांनी पुढे अनेकदा सांगितलं आहे, की दिग्दर्शकाच्या मनात जेम्स बाँडच्या संगीताची नक्कल होती. हेरपटाची टर उडवायची तर हेरपटाचंच संगीत थोडं फुगवून वाजवायचं, हा सरळ मार्ग. कोस्मा यांनी उलटा मार्ग सुचवला. विडंबनावर विडंबन चढवलं की विनोद दुहेरी होत नाही, पातळ होतो. त्यांनी बाँडला हातच लावला नाही. 'सर्बा' या जलद नाचाच्या तालावर एक चाल बांधली आणि ती व्हायोलिनवादकाच्या बाजूला उभी केली. चोरून आवाज टिपणारी यंत्रं, पाळत ठेवणाऱ्या गाड्या, कुजबुजणारे अधिकारी एकीकडे. आणि दुसरीकडे ज्याला कशाचीच कल्पना नाही अशा माणसाची तुरुतुरु चाल. नायचा आवाज फुंकरीचा असतो, प्रत्येक सुराला थोडा वारा लागलेला असतो. तो ऐकताना हा माणूस जगाच्या लबाडीतून सहज निसटणार, असं आपल्याला आधीच कळतं. संगीत त्याच्या धडपडण्याची नक्कल करत नाही. तो पडला म्हणून ढोल वाजत नाही. चाल आपल्या नादात चालत राहते, आणि त्यामुळेच हसू येतं.

इथे दुसरा आक्षेप. हा लोकसंगीताचा बाजार नव्हे का? गावाकडचं वाद्य उचललं, पॅरिसच्या ताटात चटणीसारखं वाढलं. या आक्षेपाचा निकाल झाम्फिर यांच्या पुढच्या कहाणीशी ताडून पाहता येतो, कारण तीच नाय, बहुतेक वेळा तोच वादक, इतरांनीही वापरला. ऑस्ट्रेलियात पीटर वीअर यांनी 1975च्या 'पिकनिक अ‍ॅट हँगिंग रॉक'मध्ये ती गूढतेसाठी घेतली. 1984 साली एन्नियो मोरिकोने यांनी 'वन्स अपॉन अ टाइम इन अमेरिका'मध्ये न्यूयॉर्कच्या हरवलेल्या बालपणासाठी घेतली. जेम्स लास्ट यांची 'द लोन्ली शेफर्ड' ही रचना झाम्फिर यांच्या फुंकरीतून जगभर गेली आणि 2003 साली टॅरँटिनोच्या 'किल बिल'मध्ये येऊन पोचली. वीअर आणि मोरिकोने यांचे उपयोग सुंदर आहेत, नाकारायचं कारण नाही. पण या सगळ्यांत नाय म्हणजे दूर कुठलंतरी, धुक्यातलं, आपल्याला न कळणारं काहीतरी. नायचा खरा बाजार झाला तो या धुक्याचा. पुढे तर ती मन शांत करणाऱ्या कॅसेटींचं वाद्य होऊन बसली. कोस्मा यांनी तिला नाचतं ठेवलं. मूळ जागी ती करते तेच काम, म्हणजे माणसांचे पाय हलवणं, तिने पॅरिसमध्येही केलं. लोकसंगीत परक्या मुलखात नेताना त्याचं काम टिकलं की नुसता वास टिकला, ही माझ्या मते खरी कसोटी. आणि या कसोटीवर विनोदी चित्रपट गंभीर चित्रपटांपेक्षा प्रामाणिक ठरतो.

पुढच्याच वर्षी, 1973मध्ये, जेरार उरी यांचा 'रॅबाय जाकोब' आला. लुई द फ्युनेस यांनी रंगवलेला एक पूर्वग्रहांनी भरलेला, तापट कारखानदार प्रसंगाच्या फेऱ्यात यहुदी धर्मगुरूचा वेश घेऊन फिरतो, आणि पॅरिसच्या यहुदी गल्लीत त्याला सगळ्यांसमोर नाचावं लागतं. कोस्मा यांनी बांधलेली त्या नाचाची चाल इतकी अस्सल वाटते, की ती पिढ्यान्‌पिढ्यांची असावी असा पुष्कळांचा समज होतो. चित्रपट ऑक्टोबरमध्ये, मध्यपूर्वेतलं युद्ध पेटलेलं असताना लागला आणि तरी फ्रान्समध्ये सत्तर लाखांहून अधिक लोकांनी पाहिला. या नाचात टिंगल किंचितही नाही, हे महत्त्वाचं. द फ्युनेस यांचा चेहरा विनोद करतो, पाय करत नाहीत, आणि संगीत तर अजिबात नाही. ते खरोखरच्या लग्नात वाजेल असं वाजतं. पूर्वग्रहाने ताठलेला माणूस नाचता नाचता सैलावतो, हे पडद्यावर पटतं त्याचं अर्धं श्रेय चालीला. मोल्दावियातल्या मिसळलेल्या परंपरेची आठवण इथे येते ती उगाच नाही.

तिसरा आक्षेप सर्वांत वजनदार आहे. ज्याची सुपारी त्याची चाल हे ठीक, पण मग त्या माणसाची स्वतःची चाल कोणती? मोरिकोने दोन सुरांत ओळखू येतात, चित्रपटसंगीतकार निनो रोटा ओळखू येतात. कोस्मा यांचं काय? 1980च्या 'ला बूम'साठी त्यांनी इंग्रजी शब्दांचं 'रिअ‍ॅलिटी' हे संथ पॉप गाणं केलं. रिचर्ड सँडरसनच्या आवाजात ते युरोपातल्या अनेक देशांत पहिल्या क्रमांकावर पोचलं. 1981च्या 'दिव्हा'साठी पियानोवरची एक फेरफटक्याची धून केली, जी ऐकून फ्रेंच संगीतकार एरिक साती आठवावेत. आयरिश-अमेरिकन केली कुटुंबाने गायलेलं 'डेव्हिड्स साँग' हे स्टीव्हन्सनच्या कादंबरीवरच्या मालिकेसाठी, ते लोकगीतासारखं. नाना मूस्कुरी यांनी गायलेलं 'ओन्ली लव्ह' हे आणखी एका मालिकेचं. हे सगळं एकाच माणसाचं आहे हे नुसतं ऐकून सांगता येणार नाही, ही कबुली देऊनच पुढे जावं लागतं.

पण सही सुरांतच असावी असा नियम नाही. ती सूर कुठे ठेवला यातही असते. 'ला बूम'मधला सर्वांना आठवणारा प्रसंग घ्या. घरगुती पार्टीत जलद गाणं सुरू आहे, पोरं उड्या मारताहेत. एक मुलगा मागून येऊन तेरा वर्षांच्या सोफी मार्सोच्या कानांवर हेडफोन ठेवतो, आणि तिच्यापुरतं, आपल्यापुरतं, 'रिअ‍ॅलिटी' सुरू होतं. भोवती धिंगाणा, मध्ये दोघांचा संथ नाच. 2011 साली कोरियातल्या 'सनी' या चित्रपटाने हा प्रसंग जसाच्या तसा उचलला, यावरून तो किती दूर पोचला ते कळावं. गाणं म्हणून 'रिअ‍ॅलिटी' साधं आहे, किंचित गुळचटही म्हणा. त्याचं सामर्थ्य आहे ते भोवतीच्या प्रसंगाशी फटकून, पण एका माणसाशी इमान राखून वाजण्यात. हेरपटातली नाय हेच करते. 'दिव्हा'तली पियानोची धूनही तेच. तिथे एक तरुण टपालवाला ध्वनिमुद्रणाला कायम नकार देणाऱ्या गायिकेचा आवाज चोरून टेपवर घेतो, त्यापायी गुन्हेगार मागे लागतात, मोपेडवरून पाठलाग होतात. आणि मध्येच पहाटेच्या पॅरिसमध्ये तो तिच्याबरोबर चालत राहतो, तेव्हा हे तुटक, हळुवार सूर येतात. त्याच चित्रपटात कातालानीच्या 'ला वाली' या ऑपेरातलं पद आहे. अशा पदाशेजारी आपली चाल ठेवायची तर एक तर त्याच्याशी स्पर्धा करावी लागते, नाही तर आवाज खाली आणावा लागतो. कोस्मा यांनी आवाज खाली आणला. या कामाला फ्रान्सचा सेझार पुरस्कार मिळाला.

दुसरा सेझार मिळाला 'ल बाल'साठी, आणि माझ्या म्हणण्याचा सर्वांत भक्कम पुरावा तोच. एत्तोरे स्कोला यांचा 1983चा हा चित्रपट एका रंगमंचीय प्रयोगावरून केलेला आहे. एक नाचघर, आणि 1936पासून 1983पर्यंतची फ्रान्सची जवळजवळ पन्नास वर्षं. अख्ख्या चित्रपटात संवाद नाही. कोण कुणावर भाळलं, कोण शत्रूला सामील झालं, युद्ध संपलं, रॉक अँड रोल आलं, हे सगळं नाचातून आणि बँडमधून कळायचं. म्हणजे संगीतकाराला इथे पार्श्वसंगीत द्यायचंच नव्हतं. त्याने नाचघराच्या कोपऱ्यात बसणारा वाजंत्री व्हायचं होतं, जो पन्नास वर्षं तिथेच बसून आहे आणि समोरच्या लोकांचा काळ ओळखून वाजवतो आहे. जुन्या चाली आणि नव्या चाली एकाच हाताने, शिवण न दिसता जोडायच्या. स्वतःच्या सुरांची सही मिरवणारा संगीतकार या कामात पहिल्या दहा मिनिटांत आडवा आला असता.

अर्थात या दोन पुरस्कारांचा उलटा अर्थही काढता येतो. दोन्ही सेझार मिळाले ते प्रतिष्ठित चित्रपटांना. द फ्युनेस, रिशार, देपार्द्यू यांना घेऊन केलेल्या ज्या विनोदी चित्रपटांवर कोस्मा यांचं नाव उभं आहे, त्यांना नाही. सेझार सुरूच झाले 1976 साली, त्यामुळे 'रॅबाय जाकोब' आणि तो हेरपट शर्यतीत नव्हतेच. पण नंतरचे होते. विनोदाला दुय्यम मानायची ही खोड सगळीकडची. तिच्याविरुद्ध एक साधा पुरावा आहे. यांतले फ्रान्सिस व्हेबर यांनी लिहिलेले चित्रपट परदेशांत पुन्हा पुन्हा केले गेले, आणि दर वेळी गोष्ट गेली, चाल मागे राहिली. टॉम हँक्सला घेऊन 1985 साली हॉलिवूडने काळ्या बुटाचा लाल बूट केला, नायक व्हायोलिनवादकच ठेवला, संगीत थॉमस न्यूमन यांच्याकडे गेलं. ते गुणी संगीतकार आहेत, पण त्या चित्रपटातली कोणती चाल कुणाला आठवते? आपल्याकडे विनय पाठक आणि रजत कपूर यांचा 'भेजा फ्राय' ज्यावर बेतला, तो 1998चा 'ल दिने द कों'ही व्हेबर-कोस्मा जोडीचाच. 'भेजा फ्राय' हसवतो तो संवादांच्या आणि नटांच्या जोरावर. मूर्ख ठरवलेल्या माणसाकडे प्रेमाने पाहणारं जे काहीतरी मूळ चित्रपटात सतत असतं, त्याचा मोठा वाटा संगीताचा होता, हे दोन्ही पाहणाऱ्याला जाणवतं.

मग जे मागे राहिले त्यांचं काय? खरं रुमेनियन चित्रपटसंगीत त्यांनीच केलं, असं म्हणणारा चुकत नाही. थेओदोर ग्रिगोरियू यांनी लिव्यू च्युलेई यांच्या 'फाशीचं रान' या चित्रपटाला संगीत दिलं, ज्याला 1965 साली कान महोत्सवात दिग्दर्शनाचा पुरस्कार मिळाला. तिबेरियू ओलाह यांनी 1971च्या 'मिहाई व्हितेआझुल' या भव्य ऐतिहासिक चित्रपटाला. हेच ओलाह शिल्पकार ब्रांकूश यांच्या कामावरून अतिशय आधुनिक मैफली रचनाही करत होते. आद्रियान एनेस्कू यांनी ऐंशीच्या दशकात सिंथेसायझर हाताशी घेऊन दान पित्सा यांच्या 'कोंकूर्स'सारख्या चित्रपटांना थंड, धातूचा आवाज दिला. ही माणसं कोस्मा यांच्यापेक्षा धाडसी होती, हे मान्य करायला हवं. हुकूमशहा चाउशेस्कूच्या राजवटीत चित्रपट सरकारी पैशावर, सरकारी नजरेखाली व्हायचे; तिथे शब्दांवर जेवढी कात्री चालायची तेवढी सुरांवर चालत नव्हती, आणि ओलाह-एनेस्कू यांनी ती फट वापरली. फक्त एक मुद्दा. त्यांचा यजमान एकच होता, सरकार. लाउताराची कला अनेक यजमानांमुळे घडली. ती रीत देशात गोठत होती, तेव्हा देश सोडून गेलेल्या माणसाकडे ती चालू राहिली. कोस्मा यांना मागे राहिलेल्यांहून मोठं ठरवण्यासाठी मी हे म्हणत नाही. त्यांच्याकडे जे होतं ते देशात का उरलं नाही, त्याचं हे कारण.

याच ओघात त्यांचा ऑपेराही येतो. 2007 साली मार्सेच्या ऑपेरागृहात कोस्मा यांचा 'मारियूस आणि फानी' झाला. कथा मार्सेल पान्योलची, बंदर मार्सेचं, गायक रोबेर्तो अलान्या आणि रुमेनियाच्या अँजेला गेओर्ग्यू. एकविसाव्या शतकात इतका उघडपणे गुणगुणता येणारा ऑपेरा लिहिणं म्हणजे पंडितांच्या पंक्तीतून उठणंच. पण मार्सेच्या लोकांना मार्सेची गोष्ट त्यांना गाता येईल अशा सुरांत देणं, याहून वेगळं काही या माणसाकडून अपेक्षितच नव्हतं.

शेवटचा प्रतिवाद रुमेनियातूनच आला, आणि तो शब्दांनी नाही, शांततेने आला. क्रिस्ती पुयू, क्रिस्तियान मुंजियू, कॉर्नेल्यू पोरुंबोयू या पिढीने 2000नंतर जे चित्रपट केले, त्यांत पार्श्वसंगीत जवळपास हद्दपार झालं. 2007 साली कानचं सर्वोच्च पारितोषिक मिळवणाऱ्या मुंजियू यांच्या '4 महिने, 3 आठवडे आणि 2 दिवस'मध्ये गर्भपात बेकायदा असलेल्या काळातली दोन मुलींचा एक दिवस आहे, आणि त्याला सावरून धरणारा एकही सूर नाही. राजवटीच्या चित्रपटांतल्या तुताऱ्या ऐकून वाढलेल्या पिढीने कुठल्याही वाद्यवृंदावर विश्वास ठेवू नये, हे समजण्यासारखं आहे. प्रेक्षकाला काय वाटावं ते संगीताने सांगू नये, हा त्यांचा आग्रह. पण कोस्मा यांचं उत्तम काम तरी ते कुठे सांगतं? नाय, हेडफोनमधलं गाणं, नाचघरातला बँड, यांपैकी कुठलंच प्रेक्षकाच्या बाजूने बोलत नाही. ते पात्राच्या शेजारी उभं राहून वाजतं. आणि पोरुंबोयू यांच्या 2006च्या 'झालं होतं की नव्हतं?'मध्ये, जिथे एका लहान गावाच्या टीव्ही केंद्रात बसून तीन माणसं चाउशेस्कूला उलथवणारी 1989ची क्रांती आपल्याकडे झाली होती का यावर वाद घालतात, पार्श्वसंगीताचा पत्ता नसताना एक गोष्ट मात्र आहे: पोरांचा ब्रास बँड. ती पोरं स्टुडिओत लॅटिन अमेरिकन नाचाची चाल वाजवतात आणि कार्यक्रमाचा यजमान त्यांच्यावर वैतागतो.